कॅन्सरच्या पेशीला खायला काय घातलंत?

मला मिळालेलं काम कागदावर सोपं दिसत होतं. फुप्फुसाच्या कॅन्सरच्या काही सेल लाइन्स, म्हणजे प्रयोगशाळेत पिढ्यानपिढ्या वाढवलेल्या पेशींचे वाण, घ्यायच्या, प्रत्येकीचं चयापचय मोजायचं आणि दोन गट पाडायचे. एक गट ग्लुकोज मोडून लॅक्टेट करण्यावर भागवणाऱ्यांचा, दुसरा मायटोकॉन्ड्रियावर, म्हणजे ऑक्सिजन वापरून इंधन जाळणाऱ्या पेशीतल्या भट्ट्यांवर, चालणाऱ्यांचा. मग मायटोकॉन्ड्रियाचं काम अडवणारं औषध दोन्ही गटांना द्यायचं. पहिला तगेल, दुसरा मरेल, आपला पेपर तयार. हे सगळं समजावून सांगताना प्रयोगशाळेतल्या मॅडमच्या चेहऱ्यावरची रेष हलली नाही. पुढे काय वाढून ठेवलंय हे त्यांना चांगलंच ठाऊक असणार.

या विषयात शिरणारा प्रत्येक जण आधी जर्मन शास्त्रज्ञ ओट्टो वॉरबर्गला भेटतो. १९२०च्या दशकात बर्लिनमध्ये त्याने गाठींच्या पातळ चकत्यांवर मोजमापं केली. ऑक्सिजन मुबलक असतानाही त्या चकत्या ग्लुकोज अर्धवट मोडून लॅक्टेट तयार करत होत्या. ग्लुकोजचा एक रेणू पूर्ण जाळला तर पेशीला साधारण ३० एटीपी, म्हणजे उर्जेची सुटी नाणी, मिळतात, लॅक्टेटवर थांबलं तर फक्त दोन. एवढा तोटा पेशी का सोसते? वॉरबर्गचं उत्तर होतं की तिचं श्वसनच बिघडलंय आणि तोच कॅन्सरचा उगम. १९५६ सालीही तो हेच मांडत होता. निरीक्षण पक्कं होतं, निष्कर्ष बहुतेक कॅन्सरना लागू पडत नाही. त्यांचे मायटोकॉन्ड्रिया धडधाकट असतात. ग्लुकोज नुसतं उर्जेसाठी घेतलं जात नाही. डीएनएसाठी लागणारी रायबोज, सेरिनसारखी अमिनो आम्लं, पेशीच्या आवरणातली मेदद्रव्यं, असा वाढीचा बराचसा कच्चा माल त्यातून निघतो.

पेट स्कॅन याच भुकेवर चालतो. फ्लोरिन-१८ लावलेलं ग्लुकोजसारखं द्रव्य शिरेतून देतात. पेशी ते आत घेते, त्याला फॉस्फेट चिकटवते आणि पुढे मोडता येत नसल्याने ते तिथेच अडकून पडतं. म्हणून गाठ पडद्यावर उजळते. पण प्रोस्टेटचे बरेच कॅन्सर या स्कॅनमध्ये जेमतेम दिसतात. आणि उजळलेली गाठ फक्त ‘ग्लुकोज आत आलं’ एवढंच सांगते, त्याचं पुढे काय झालं ते सांगत नाही.

ते पुढचं कळायला आमच्याकडे सीहॉर्स नावाचं यंत्र होतं. आदल्या संध्याकाळी ९६ खळग्यांच्या प्लेटमध्ये पेशी पेरायच्या. चार कोपऱ्यांतले खळगे पेशींविना ठेवायचे, त्यांचं वाचन पार्श्वभूमी म्हणून वजा होतं. सेन्सरचं कार्ट्रिज रात्रभर भिजत घालायचं. सकाळी प्लेट मायक्रोस्कोपखाली धरून एकेक खळगा बघायचा. पेशी तळावर सारख्या पसरल्यात की एका कडेला गोळा झाल्यात, हे तेव्हाच कळतं, आणि कडेला गोळा झाल्या असतील तर पुढचा सगळा दिवस फुकट. नंतर नेहमीचा मीडिया, म्हणजे पेशी ज्यात वाढतात तो पोषक द्रव, अलगद काढून बायकार्बोनेट नसलेला घालायचा. यंत्र आम्लतेतला बारीकसा बदल मोजतं आणि बायकार्बोनेटसारखा बफर तो बदल गिळून टाकतो. मग कार्बन डायऑक्साइड नसलेल्या इन्क्युबेटरमध्ये ३७ अंशांवर तासभर ठेवून प्लेट आत सरकवायची.

यंत्र सेन्सर खाली आणून पेशींवरचा जेमतेम दोन-तीन मायक्रोलिटर मीडिया कोंडतं आणि त्यातला ऑक्सिजन किती वेगाने घटतो, आम्लता किती वाढते ते टिपतं. मधे तीन इंजेक्शनं. पहिलं ऑलिगोमायसिन, एटीपी बनवणारं एन्झाइम बंद करणारं. ऑक्सिजनचा वापर जेवढा खाली येतो तेवढा एटीपीसाठी चालला होता. दुसरं एफसीसीपी. क्लच दाबून ॲक्सिलरेटर दाबल्यावर इंजिन जसं घोंघावतं तसे मायटोकॉन्ड्रिया पूर्ण जोराने, पण कामाविना ऑक्सिजन ओढू लागतात आणि त्यांची कमाल क्षमता दिसते. तिसरं रोटेनॉन आणि अँटिमायसिन, मायटोकॉन्ड्रियाचं श्वसनच बंद पाडणारं, म्हणजे खेळ खलास. रेघ धाडकन तळाला जाते.

पहिले आलेख सुंदर आले. एक लाइन भरपूर ऑक्सिजन ओढणारी, दुसरी मीडिया आंबवत सुटलेली, बाकीच्या अधेमधे. फोटो काढून ग्रुपवर टाकावेत असे. मीच मॅडमना उत्साहाने म्हणाले, “गट तर दिसतायत!” त्या म्हणाल्या, “दिसतायत गं. आता त्यांना दुसरं काहीतरी खायला घाल.”

दुसरं म्हणजे गॅलॅक्टोज, ग्लुकोजसारखीच एक साखर. ही जुनी, खात्रीची युक्ती. ग्लुकोजच्या जागी गॅलॅक्टोज दिली की पेशीला ती मोडायला वेळ लागतो, ग्लायकोलिसिसमधून पुरेसं एटीपी सुटत नाही आणि मायटोकॉन्ड्रियावर विसंबण्यावाचून गत्यंतर राहत नाही. माझ्या ‘लॅक्टेटवाल्या’ लाइन्स कुरकुरत का होईना, ऑक्सिजन ओढू लागल्या. म्हणजे त्यांना ते येत होतं. ग्लुकोज समोर असताना त्यांना त्याची गरज नव्हती, इतकंच. सीहॉर्स सांगतं ती पेशीची त्या तासाची, त्या ताटातली सवय. स्वभाव सांगत नाही. हे वाक्य आता मी फार सहज लिहितेय, तेव्हा ते गळी उतरायला बराच काळ गेला.

नंतर औषध. आम्ही फेनफॉर्मिन वापरत होतो, मेटफॉर्मिन या मधुमेहाच्या औषधाचं जास्त जोरकस भावंड. दोन्ही मायटोकॉन्ड्रियातल्या श्वसनसाखळीच्या पहिल्या टप्प्याला, कॉम्प्लेक्स वनला, अडवतात. माझ्या हातात एक लाइन या औषधाने जवळपास वाढायची थांबली. शेजारच्या बाकावरच्या मुलाने तीच लाइन, तोच डोस लावला तर पेशी आरामात वाढत होत्या. आधी अर्थातच सगळ्यांनी पेशींवर संशय घेतला, मग औषधाच्या बाटलीवर. शेवटी गुंता सुटला तो मीडियाच्या लेबलवर. दोन्ही बाटल्यांवर नाव एकच, डीएमईएम. त्याच्या बाटलीवर खाली बारीक अक्षरात ‘सोडियम पायरुव्हेटसह’ असं होतं, माझ्या बाटलीवर नव्हतं.

एवढ्याशा फरकाने असं का व्हावं, हे त्या वेळी छापून आलेलं होतंच, आम्ही फक्त आमच्या बाकावर त्याला धडकलो. श्वसनसाखळीचं वाढणाऱ्या पेशीतलं मोठं काम एटीपी करणं एवढंच नाही. इलेक्ट्रॉनची ने-आण करणाऱ्या एनएडी या रेणूकडून इलेक्ट्रॉन घेऊन तो पुन्हा मोकळा करणं हेही आहे, आणि तो मोकळा झाला तरच पेशीला ॲस्पार्टेट हे अमिनो आम्ल बनवता येतं. ॲस्पार्टेट नाही तर डीएनएच्या विटाही नाहीत. २०१५ साली दोन गटांनी हे एकाच वेळी दाखवलं. आता बाहेरून पायरुव्हेट मिळालं की पेशी त्याचं लॅक्टेट करते, त्यात एनएडी मोकळा होतो आणि अडवलेल्या साखळीला वळसा घालून गाडी पुढे जाते. तशा बाटलीत पायरुव्हेट १ मिलिमोलर असतं. आपल्या रक्तात त्याहून कितीतरी कमी. म्हणजे आम्ही कितीतरी पेशींना औषधाविरुद्धचा उतारा रोज मीडियातून पाजत होतो आणि त्यांना ‘प्रतिरोधक’ म्हणत होतो.

इथून पुढे मी बाटल्यांची लेबलं वाचायला लागले, ती सवय अजून आहे. डीएमईएमच्या नेहमीच्या प्रकारात ग्लुकोज २५ मिलिमोलर असतं. उपाशीपोटी माणसाच्या रक्तात साधारण ५. म्हणजे पाचपट. हे मीडिया १९५०च्या दशकातल्या पाककृतींवर बेतलेले आहेत आणि हेतू एवढाच होता की पेशी भराभर वाढाव्यात आणि रोज मीडिया बदलावा लागू नये. २०१७ साली जेसन कँटर आणि सहकाऱ्यांनी मानवी रक्तद्रवाशी मिळताजुळता मीडिया तयार केला. त्यातलं सगळ्यात गमतीदार प्रकरण यूरिक आम्लाचं. माणसाच्या रक्तात ते उंदराच्या कितीतरी पट असतं, जुन्या मीडियात नसतंच. त्यांनी दाखवलं की यूरिक आम्ल पेशीतलं एक एन्झाइम अडवतं आणि त्यामुळे ५-फ्लुरोयुरॅसिल या रोजच्या वापरातल्या केमोथेरपीच्या औषधाचा पेशींवरचा परिणाम कमी होतो. म्हणजे एवढी वर्षं बशीत जी ताकद मोजली गेली, ती यूरिक आम्ल नसलेल्या जगातली होती. आमच्या लाइन्स या मीडियात हलवल्यावर आधीचा क्रमच बदलला. पहिल्या नंबरावरची लाइन मधे कुठेतरी गेली.

ग्लुटामिन या अमिनो आम्लाची कथा याहून महाग पडलेली आहे. बशीतल्या बहुतेक कॅन्सरपेशी ग्लुटामिन ढसाढसा पितात. ते मोडणारं ग्लुटामिनेज हे एन्झाइम अडवलं की मरतात. २०१६ साली मॅथ्यू व्हँडर हायडनच्या गटाने दाखवलं की उंदराच्या फुप्फुसातल्या, केरास जनुकाच्या बिघाडाने झालेल्या गाठी ग्लुटामिन फारसं वापरतच नाहीत आणि हे औषध त्यांना बाधत नाही. त्याच पेशी बशीत आल्या की अवलंबून होतात. वर्षभराने कारण सापडलं: मीडियात सिस्टिन हे अमिनो आम्ल फार असतं. पेशी सिस्टिन आत घेताना ग्लुटामिनपासून बनणारं ग्लुटामेट बाहेर टाकते, ती तूट भरायला ग्लुटामिन लागतं. टेलाग्लेनास्टॅट हे ग्लुटामिनेजविरोधी औषध किडनीच्या कॅन्सरच्या चाचणीत जोडऔषध म्हणून दिल्यावर वरचढ ठरलं नाही. फुप्फुसाच्या कॅन्सरमध्ये तर कीप-वन जनुकातला बिघाड बघून, म्हणजे ज्यांच्या पेशी सिद्धांतानुसार ग्लुटामिनवर खरोखर अवलंबून असाव्यात असे रुग्ण निवडून चाचणी लावली होती. तीही फायदा न दिसल्याने आटोपती घेतली.

बशी सोडून गाठीतच बघायचं तर एक चांगली वाट म्हणजे कार्बन-१३. हा कार्बन किरणोत्सारी नाही, फक्त एका न्यूट्रॉनने जड. ग्लुकोजचे सहाही कार्बन जड करून ते शरीरात सोडलं की रेणूंचं वजन मोजणारा मास स्पेक्ट्रोमीटर सांगतो कुठल्या रेणूत किती जड कार्बन पोचले. मायटोकॉन्ड्रियात बनणाऱ्या सायट्रेटमध्ये दोन जड कार्बन दिसले तर ग्लुकोज मायटोकॉन्ड्रियात शिरून जळतंय. लॅक्टेटमध्ये तीन दिसले पण सायट्रेटमध्ये जवळपास काहीच नाही, तर ते दाराशीच थांबतंय.

नैतिकता समितीची परवानगी, रुग्णाची लेखी संमती वगैरे सोपस्कार झाल्यावर मी ऑपरेशन थिएटरबाहेर द्रव नायट्रोजनचा डबा घेऊन उभी राहू लागले. आत सलाइनमधून जड ग्लुकोज चालू असायचं. इथली घाई समजून घ्यायला हवी. गाठीचा रक्तपुरवठा बांधला की त्या क्षणापासून पेशी गुदमरतात, लॅक्टेट चढतं, एटीपी उतरतं. तुकडा ट्रेमध्ये पडून राहिला तर आपण कॅन्सर मोजत नाही, ट्रे मोजतो. मी एकदा जरा जास्तच पुढेपुढे केल्यावर सर्जन मान न वळवता म्हणाले, “आधी माझा पेशंट, मग तुमचा नायट्रोजन.” रास्तच होतं. तुकडा हातात आला की चिमट्याने सरळ नायट्रोजनमध्ये. चुर्र आवाज, वाफ, आणि मटाराएवढा पांढुरका खडा. चिठ्ठीवर गाठीची कुठली बाजू ते लिहायचं. काळं पडलेलं मधलं टोक, कडेचं लालसर टोक, शेजारचं निरोगी फुप्फुस.

एकाच गाठीची दोन टोकं वेगळी निघाली. याने डॅलसमधल्या राल्फ डीबेरार्डिनिसच्या गटाला आश्चर्य वाटलं नसतं. २०१६ साली त्यांनी फुप्फुसाच्या कॅन्सरच्या रुग्णांत हेच मांडलं होतं. जिथे रक्त कमी पोचतं तिथे ग्लुकोजवर जास्त भर, जिथे चांगलं पोचतं तिथे इतर इंधनंही. पुढच्याच वर्षी त्यांनी दाखवलं की त्या इतर इंधनांत खुद्द लॅक्टेट आहे. ज्याला आपण टाकाऊ समजत आलो ते गाठ रक्तातून उचलून जाळते. उलट किडनीच्या क्लिअर सेल कॅन्सरमध्ये २०१८च्या कामात ग्लुकोज मायटोकॉन्ड्रियात अगदीच कमी जाताना दिसलं. वॉरबर्गने बघावं असं एक ठिकाण सापडलं म्हणायचं.

मग उपचारांचं काय? ‘ही पेशी सगळ्यात जास्त काय खाते’ हा प्रश्नच चुकीच्या टोकाने धरलेला आहे, असं माझं मत झालंय. जे खूप खाल्लं जातं त्याला पर्यायही खूप असतात, आणि निरोगी पेशीही तेच खातात. मेटफॉर्मिन घ्या. स्तनाच्या कॅन्सरच्या, मधुमेह नसलेल्या ३६४९ रुग्णांवरच्या चाचणीत त्याने रोग परतणं टळलं नाही. निकाल २०२२ साली आला. बशीत आम्ही त्याचे मिलिमोलरमध्ये डोस देतो, गोळ्या घेणाऱ्याच्या रक्तात ते मायक्रोमोलरमध्ये असतं, हे त्या निकालाआधीही कोणीही बघू शकलं असतं. कॉम्प्लेक्स वनला खरोखर जोरात अडवणारं आयएसीएस-०१०७५९ माणसांना दिलं तेव्हा रक्तातलं लॅक्टेट वाढलं, नसांना इजा झाली, आणि चाचण्या थांबवाव्या लागल्या. औषध कमकुवत नव्हतं, नेम नको तिथेही बसत होता.

चालली ती औषधं वेगळ्या जातीची आहेत. मुलांच्या रक्ताच्या कॅन्सरमधलं ॲस्पॅराजिनेज बघा. १९५३ साली जॉन किडने पाहिलं की गिनी पिगच्या रक्तद्रवाने उंदरांतला लिम्फोमा, म्हणजे लसीका ग्रंथींचा कॅन्सर, मागे हटतो. पुढे त्यातलं हे एन्झाइम सापडलं. ल्युकेमियाच्या, म्हणजे या रक्ताच्या कॅन्सरच्या, पेशींना ॲस्पॅराजिन हे अमिनो आम्ल स्वतःला पुरेसं बनवता येत नाही. औषधाने रक्तातलं संपवलं की त्या उपाशी, बाकीच्या पेशी घरचं करून खातात. आयडीएच जनुकातला बिघाडही तसाच नेमका. बिघडलेलं एन्झाइम २-हायड्रॉक्सिग्लुटारेट नावाचा भलताच रेणू तयार करतं, निरोगी पेशीत तो नावापुरता असतो. म्हणून ते एन्झाइम अडवणारी औषधं चालली: एनासिडेनिब २०१७ साली आणि आयव्होसिडेनिब २०१८ साली एका प्रकारच्या ल्युकेमियासाठी मंजूर झाली, व्होरासिडेनिब २०२४ साली मेंदूच्या मंद वाढणाऱ्या ग्लायोमासाठी. पेशीला काय बनवताच येत नाही, किंवा कुठली गोष्ट फक्त तीच बनवते, हे शोधलं की औषधाला उभं राहायला जागा मिळते.

प्रयोगशाळेत काम करते म्हटल्यावर नातेवाईक, ओळखीपाळखीचे लोक हमखास विचारतात, साखर बंद केली तर कॅन्सर उपाशी मरेल का? नाही मरणार. तुम्ही काहीच खाल्लं नाहीत तरी यकृत ग्लुकोज बनवून रक्तातली पातळी राखतं, कारण मेंदूला ते लागतं. गाठीच्या आधी रुग्णाचे स्नायू झिजतात, आणि झिजलेल्या माणसाला केमो झेपत नाही. अति साखर टाळावी, ते सगळ्यांनाच लागू. पण उपचार चालू असताना स्वतःच्या मनाने उपासतापास नकोत, डॉक्टरांशी आणि आहारतज्ज्ञांशी बोलून काय ते ठरवावं.

पेशी उपचारांच्या मधेच ताट बदलतात, हा याहून अवघड भाग. तीव्र मायलॉइड ल्युकेमियात व्हेनेटोक्लॅक्स आणि ॲझासायटिडिन ही औषधांची जोडी ल्युकेमियाच्या मूळपेशींचं अमिनो आम्लं आत घेणं आणि त्यांवरचं श्वसन मोडते, त्यातून बरेच रुग्ण सुधारतात. रोग परतलेल्या रुग्णांत त्याच जातीच्या पेशी मेदाम्लं जाळून तेच श्वसन चालू ठेवताना आढळल्या.

सध्या मी आर्जिनिन या अमिनो आम्लावर आहे. काही कॅन्सरमध्ये, विशेषतः मेसोथेलिओमाच्या, म्हणजे बहुधा फुप्फुसाच्या आवरणात होणाऱ्या कॅन्सरच्या, एका गटात, आर्जिनिन बनवायला लागणारं एएसएस-वन हे एन्झाइम बंद पडलेलं असतं. रक्तातलं आर्जिनिन संपवणारं पेगार्जिमिनेज केमोच्या जोडीने दिलं तेव्हा मध्यक आयुर्मान ७.७ महिन्यांवरून ९.३ महिन्यांवर गेलं. काचपट्टीवर एएसएस-वनसाठी रंग चढवला की पुष्कळदा गाठीचा एक भाग कोरा राहतो आणि लगेच शेजारी तपकिरी पेशींचे पुंजके दिसतात. कोऱ्या पेशी औषधाने जातील. काही कोऱ्या पेशी आर्जिनिन तुटल्यावर ते एन्झाइम पुन्हा सुरू करतात, हेही माहीत आहे. आर्जिनिन स्वतः बनवायला लागलेल्या पेशीचा ॲस्पार्टेट त्यात खर्च होतो, तोच ॲस्पार्टेट जो डीएनएसाठी हवा असतो. या ओढाताणीत तिला कुठलं दुसरं औषध सोसणार नाही, ते आम्ही तपासतोय. पायरुव्हेट नसलेल्या मीडियात.